मधल्या घडीतला टाका

मला प्रश्न पडतात, त्याला मी तरी काय करू? ताईनं लहानपणी माझं नाव ‘चौकशी खिडकी’ ठेवलं, ते आजतागायत चिकटून आहे. बाकीच्या चौकशी खिडक्यांतली माणसं उत्तरं देतात, आमची खिडकी उलटी, ही आतून प्रश्न विचारते, असं ती येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगायची. मी चिडायचे, आणि चिडून पुन्हा विचारायचे, ‘पण का?’

आम्ही पुस्तकबांधणीवाले. बाबांनी धंदा सुरू केला, खाली कारखाना आणि वर घर. कारखाना म्हणजे एक लांबट खोली, तिच्यात कटिंग मशीन, पुस्तकं दाबायचा शिकंजा, एक मोठं टेबल आणि कोपऱ्यात खळीचं पातेलं. ताई, दादा आणि मी, तिघंही त्या टेबलाखाली खेळून मोठे झालो. माझं ऐकून ते दोघंही एकमेकांना ताई-दादाच म्हणायला लागले. शिवणकामात ताईचा हात सगळ्यात साफ होता. ती लग्न होऊन गेली आणि शिवण माझ्याकडे आली, पुठ्ठा-कापड दादाकडे. माझं लग्न व्हायचं राहून गेलं, दादाची बायको लवकर गेली, म्हणून आता आम्ही दोघंच. दिवसभर भांडतो आणि पुस्तकं बांधतो.

ताईला तिच्या मुलानं परदेशी नेलं त्याला बरीच वर्षं झाली. तोच भाचा एक दिवस फोनवर म्हणाला, ‘मावशी, यायचं असेल तर आता ये.’

‘का रे? काय झालं?’

‘आई विसरायला लागलीय. परवा शेजारच्या बाईंना विचारत होती, हा मुलगा कोणाचा, म्हणून. माझ्याकडे बोट दाखवून. तुझं नाव मात्र रोज काढते. चौकशी खिडकी कधी येणार, हे रोज सकाळी विचारते. डॉक्टर म्हणतात, हे पण जाईल. तुला ओळखतेय तोवर ये.’

मी फोन ठेवला. दादानं कापड कापायचं थांबवून बघितलं. मी म्हटलं, ‘मी जातेय.’ तो म्हणाला, ‘जा.’ आयुष्यात पहिल्यांदा आमचं एका शब्दात एकमत झालं.

पासपोर्ट होता माझ्याकडे. ताई परदेशी गेली त्याच वर्षी दादानं आमचे दोघांचे काढून ठेवले होते, असू दे, लागला तर, म्हणून. लागला कधीच नाही. मग मी चौकातल्या तिकीटवाल्याकडे गेले. त्याच्या टेबलावर एक प्लॅस्टिकचं विमान होतं आणि त्याचं एक चाक तुटलेलं होतं. ते कसं तुटलं हे विचारायचं मी मोठ्या कष्टानं टाळलं.

‘व्हिसा म्हणजे नक्की काय?’ मी विचारलं.

तो हसला. ‘काकू, हे मला आजवर कोणी विचारलं नाही. लोक एकच विचारतात, किती पडतील?’

‘तेही विचारणार आहे. आधी हे सांगा.’

‘असं बघा. पासपोर्ट म्हणजे आपल्या घरानं दिलेली ओळख, की ही बाई आमची. व्हिसा म्हणजे समोरच्या घरानं म्हणणं, की बरं, येऊ द्या दारापर्यंत.’

‘दारापर्यंतच? आत नाही?’

‘आत घ्यायचं की नाही, ते दारात बसलेला माणूस ठरवतो.’

‘अहो, मग पैसे कशाचे घेतात?’

‘विचार करण्याचे.’

‘आणि विचार करून नाही म्हणाले तर?’

‘तरी परत मिळत नाहीत. नाही म्हणायलासुद्धा विचार करावा लागतोच ना, काकू.’

घरी येऊन हे सांगितलं तर दादाच्या अंगाचा तिळपापड झाला. ‘आपण पुस्तक तिरकं बांधलं तर पैसे परत करतो. आणि हे लोक दार न उघडता पैसे ठेवून घेतात? उद्यापासून मीपण घेणार. पुस्तक बांधू की नको, या विचाराचे!’

खरं सांगते, मला त्या दिवसांत मजा येत होती. ताईची काळजी होतीच, आणि तरीही रोज नवीन काहीतरी कळायचं आणि मी दादाचं डोकं खायचे. पासपोर्टाची मुदत परत यायच्या तारखेच्या पुढे सहा महिने तरी शिल्लक लागते. म्हणजे त्यावर छापलेली तारीख खरी धरायची नाहीच, मग छापता कशाला? माझा जेमतेम बसत होता. वाटेत विमान बदलायचं तर त्या मधल्या देशाचाही एक छोटा व्हिसा लागू शकतो, नुसतं बाकावर बसून राहण्याचा. तिकीटवाल्यानं मग तसला बाक लागणार नाही असं विमान शोधलं. बँकेत पैसे नुसते असून भागत नाही, ते मुरलेले असावे लागतात. दादा स्वतःची पुंजी माझ्या खात्यात टाकायला निघाला होता, तर तिकीटवाला जवळजवळ ओरडलाच, ‘अहो, काही करू नका! अचानक पैसे आले की त्यांना शंका येते!’

‘गरिबी दिसली तरी शंका, पैसे दिसले तरी शंका,’ दादा म्हणाला. ‘यांना हवंय तरी काय?’

फोटोचे तर किती नियम. कान दिसले पाहिजेत, चष्मा नको, आणि हसायचं नाही.

‘हसायचं का नाही?’ मी फोटोवाल्याला विचारलं.

‘यंत्राला हसरा चेहरा ओळखता येत नाही म्हणे.’

‘आणि माणसाला?’

‘मावशी, हनुवटी जरा खाली घ्या,’ तो म्हणाला. म्हणजे त्यालाही माहीत नव्हतं.

पासपोर्ट कपाटातून काढला तेव्हा कपाळावर हात मारायची पाळी आली. कसर लागली होती. बांधणीवाल्यांच्या घरात कसर! लोकांची पुस्तकं आम्ही जिवापाड जपतो आणि घरचा पासपोर्ट त्या चंदेरी किड्यांनी कुरतडलेला. पानं शाबूत होती, फोटो शाबूत होता, पण मधल्या घडीतला दोरा दोन जागी तुटला होता आणि आवरण पाठीवरून सुटून लोंबत होतं. मी फोटो आणायला गेले ती परत येते तर दादा टेबलाशी बसलेला, पुढ्यात पासपोर्ट, चेहऱ्यावर एखाद्या पोरासारखा आनंद.

‘बघ,’ म्हणाला.

मी बघितला आणि माझ्या तोंडून आपोआप निघालं, ‘वा, दादा!’ त्यानं जुना कुजका दोरा काढून टाकला होता. त्याच भोकांतून, एकही भोक न वाढवता, आमचा मेणदोरा घातला होता. आवरण खळीनं बसवून शिकंज्यात दाबून वाळवलं होतं. आणि शेवट बाबांच्या पद्धतीनं केला होता. आमच्या घरात गाठ टोकाला ठेवत नाहीत. दोरा मधल्या टाक्याखालून दोनदा फिरवून गाठ आत घडीत नेतात, म्हणजे अंगठा फिरवला तरी लागत नाही, नख घालून शोधावी लागते. दादाची नजर आता अधू झालीय. रोज सकाळी मीच त्याला सुया ओवून ठेवते, त्यातलीच एक त्यानं घेतली होती. तरी टाका बघावा तर सरळ रेघ.

‘यांच्या यंत्रापेक्षा चांगला झालाय,’ मी म्हटलं.

‘यंत्राला काय अक्कल असते?’ तो म्हणाला, आणि दिवसभर गुणगुणत राहिला.

आम्हा दोघांच्याही मनात दुसरं काही आलं नाही. फाटलेलं पुस्तक समोर आलं की ते बांधायचं, एवढंच आम्हाला ठाऊक. कोणी म्हटलं असतं, की हे पुस्तक तुमचं असूनही तुम्ही त्याला हात लावायचा नाही, तर आम्ही त्यालाच वेड्यात काढलं असतं.

व्हिसाचा अर्ज घेणारी खिडकी वकिलातीची नसते, हे मला तिथं गेल्यावर कळलं. वकिलातीसाठी कागद गोळा करणारी एक कंपनी असते, तिचे पैसे वेगळे. पासपोर्ट घरपोच हवा तर त्याचे वेगळे, मोबाइलवर निरोप हवा तर त्याचे वेगळे, आणि मऊ खुर्चीत बसून वाट बघायची असेल तर तिचेही वेगळे. साधी खुर्ची फुकट आहे ना, हे मी दोनदा विचारून घेतलं आणि मगच बसले.

खिडकीत एक मुलगी होती, केसांत पेन खोचलेलं. आवाज दमलेला, पण पोरगी बरी वाटली. तिनं सगळे कागद तपासले. माझ्या बोटांचे ठसे यंत्रावर उमटेनात, कारण खळीनं आणि दोऱ्यानं बोटं पार गुळगुळीत झालीयत. ओला रुमाल देऊन, बोटं दाबून, पुन्हा दाबून, तिनं ते एकदाचे उमटवले. मग तिनं विचारलं, ‘काकू, तुम्ही परत कशासाठी येणार?’

‘म्हणजे?’

‘म्हणजे तुम्ही तिथं राहून जाणार नाही कशावरून? हे विचारावं लागतं.’

‘अगं, दादाला सुई कोण ओवून देणार?’

ती पहिल्यांदा हसली. शिक्का मारून तिनं पावती माझ्याकडे सरकवली. झालं होतं काम. पावती घेऊन मी मुकाट्यानं उठले असते तर ही गोष्टच झाली नसती. पण तिच्या हाताशी एक छोटा निळा दिवा होता आणि तो मला मघापासून खुणावत होता.

‘हा दिवा कसला गं?’

‘हा? खोटे पासपोर्ट ओळखायला. रोज लावायला वेळ नसतो हो.’ तिला बहुतेक बरं वाटलं की कोणीतरी काहीतरी वेगळं विचारलं. ‘थांबा, गंमत दाखवते.’ तिनं माझा पासपोर्ट उघडून दिव्याखाली धरला. अगंबाई! पानापानांतून रंगीत तंतू उजळून निघाले, कुठे लाल, कुठे हिरवे, आणि फोटोवर एक नक्षी उमटली. मी आ वासून बघत राहिले. ‘आणि ही मधली शिवण बघा, हिचा दोरासुद्धा चम–’

ती थांबली. मधली शिवण काळी होती. सगळं पान उजळलेलं आणि मधोमध दादाचा टाका अंधारात.

‘काकू,’ ती हळूच म्हणाली, ‘हे कोणी शिवलं?’

आणि मी, काय सांगू तुम्हाला, मी मान ताठ करून म्हटलं, ‘माझ्या भावानं!’

तिनं दिवा बंद केला आणि आवाज खाली आणून सगळं सांगितलं. पासपोर्ट उसवून शिवला की तो छेडछाड केलेला धरतात. हेतू चांगला होता की वाईट, ते दोऱ्यावरून कळत नाही. कोणी मधलं पान बदललं नाही कशावरून? हा अर्ज असाच पुढे गेला आणि तिकडे सापडला तर नकार येईल, आणि तो नकार पुढच्या प्रत्येक अर्जाला चिकटून राहील. ‘तुम्ही स्वतःहून मागे घ्या. पैसे जातील, पण नाव राहील. नवीन पासपोर्ट काढा, खरं कारण लिहा, आणि परत या.’

‘किती वेळ जाईल?’

तिनं केसांतलं पेन काढलं, पुन्हा खोचलं. उत्तर देता न येणारी ती मला भेटलेली पहिली चौकशी खिडकी.

तिकीटवाल्याला सांगितलं तर त्यानं कपाळ चोळलं आणि म्हणाला, ‘इथला अर्ज मागे घ्या, हाच पासपोर्ट दुसऱ्या शहरातल्या खिडकीवर टाकू. तुम्हीच म्हणताय, रोज दिवा लावत नाहीत. शिवण डोळ्यांना दिसतच नाही. व्हिसा मिळून जाईल.’

‘आणि तिकडच्या दारात?’

‘दारात...’ त्यानं प्लॅस्टिकचं विमान सरळ केलं. ‘दारात तुमचं नशीब.’

खोटं कशाला बोलू, मला मोह झाला. ताई रोज थोडी थोडी कमी होत होती आणि इथं मी नियमांचा कीस पाडत बसणार होते? पण मग डोळ्यांपुढे आलं, भाचा ताईला घेऊन विमानतळावर आलाय, ताई नटून उभी आहे, आणि आतल्या आत मला परतीच्या विमानात बसवताहेत. ताईला कोण काय सांगणार? ती विचारेल, सांगितलेलं विसरेल आणि पुन्हा विचारेल. मी अर्ज मागे घेतला आणि नवीनच पासपोर्ट काढायचं ठरवलं.

दादाला सांगणं सगळ्यात अवघड गेलं. आधी तो भडकला. ‘माझं काम कोणाच्या बापाला सापडणार नाही!’

‘सापडलं! निळ्या दिव्यानं!’

‘तुला कोणी सांगितलं होतं दिव्यात नाक खुपसायला?’

‘आणि तुला कोणी सांगितलं होतं सुई खुपसायला?’

मग तो खाली बसला, हात मांडीवर ठेवून. आयुष्यात मी त्याचे हात रिकामे बघितले नव्हते. ‘मीच तुझी वाट अडवली,’ तो म्हणाला. मी त्याला समजावलं, ओरडले, चहा करून दिला. त्यानं चहा घेतला, पण शिकंज्याला हात लावला नाही.

पासपोर्टाच्या कार्यालयात तो हट्टानं माझ्याबरोबर आला. साहेबांनी ‘नवीन कशाला हवाय?’ विचारताच, मी तोंड उघडायच्या आत तो म्हणाला, ‘मी शिवला. हिचा काही दोष नाही. मी बांधणीवाला आहे. फाटलेलं दिसलं, शिवलं.’ साहेबांनी पासपोर्ट उलटसुलट केला, दादाकडे बघितलं, मग आमच्याकडून चार कागदांवर सह्या घेतल्या. नवीन पासपोर्ट मिळायचा त्या दिवशी जुन्यावर ‘रद्द’चा शिक्का बसला आणि एका बाईंनी कात्रीनं त्याचा कोपरा कापला.

‘तिरका कापला,’ दादा पुटपुटला.

तो रद्द पासपोर्ट मला परत मिळाला. पुढच्या अर्जाला जुना पासपोर्टही सोबत लागतो म्हणे.

या सगळ्यात महिने गेले. आधी भाचा फोन ताईच्या हातात द्यायचा आणि ती लगेच विचारायची, ‘काय गं चौकशी खिडकी, निघालीस का?’ मग ती नुसती हसायला लागली. मग एकदा मी म्हटलं, ‘ताई, मी बोलतेय,’ आणि पलीकडून अगदी गोड, अगदी परका आवाज आला, ‘हो का? बरं आहात ना तुम्ही?’

तुम्ही! माझ्या ताईनं मला ‘तुम्ही’ म्हटलं. जिनं मला कडेवर घेतलं, वेण्या घातल्या, कान पिळला, तिनं. तिनं शिव्या दिल्या असत्या तर बरं वाटलं असतं. मी फोन दादाच्या हातात दिला आणि वर जाऊन रडले.

दादा मागोमाग वर आला, दारातच उभा राहिला. ‘आता जाऊन काय उपयोग, असं म्हणू नकोस,’ तो म्हणाला.

‘मी कुठे म्हटलं?’

‘चेहऱ्यावर लिहिलंय.’

व्हिसा मिळाला. खिडकीत तीच मुलगी होती. मी दिव्याबद्दल चकार शब्द काढला नाही, तर तिनंच तो लावून नवी शिवण मला दाखवली. चमकत होती मेली.

तिकडच्या दारातल्या माणसानं विचारलं, कशासाठी आलात? इंग्रजीतलं ते एक वाक्य मी भाच्याकडून घोकून घेतलं होतं. बहिणीला भेटायला, मी म्हटलं. त्यानं बोटं मागितली, ठसे उमटेनात, मी स्वतःच ओला रुमाल काढला. मग त्यानं शिक्का मारला. एवढ्या सगळ्या पैशांचा, कागदांचा आणि महिन्यांचा शेवट एका ठप्प आवाजात झाला. बाहेर भाचा एकटाच उभा होता.

ताई खिडकीशी खुर्चीत बसली होती. केस पांढरेशुभ्र, अंग आक्रसलेलं, पण डोळे तेच. मी धावत जाऊन तिचे हात धरले. तिनं ते सोडवून घेतले नाहीत. ‘या,’ म्हणाली. ‘बसा. लांबून आलात का?’

‘हो,’ मी म्हटलं. ‘बरंच लांबून.’

पुढचे दिवस असेच गेले. मी तिला भरवायचे, ती ‘तुम्हाला उगाच त्रास’ म्हणायची. मी जुन्या गोष्टी सांगायचे, ती पाहुण्याचं बोलणं ऐकावं तशी मान हलवायची. मला कित्येक प्रश्न विचारायचे होते, आणि पहिल्यांदाच एकही विचारवेना.

एका दुपारी मी स्वयंपाकघरातून आले तर माझी पर्स तिच्या मांडीवर. तिला हल्ली सगळं उघडून बघायची सवय लागलीय, भाच्यानं सांगितलंच होतं. रुमाल, चष्म्याचं घर, औषधं, सगळं पलंगावर ओळीनं मांडलेलं. तिच्या हातात माझा नवा पासपोर्ट होता. तिनं पाठीवरून अंगठा फिरवला, मधली घडी उघडली, तोंड वाकडं केलं.

‘यंत्राचं काम,’ म्हणाली, आणि तो बाजूला टाकला.

मी जागच्या जागी उभी राहिले. तिनं दुसरा उचलला, रद्द झालेला. आधी कापलेला कोपरा बघितला. ‘कोणी कापला हा? वाट लावली.’ मग तो मधोमध उघडला. अंगठा वरून खाली नेला, थांबली, आणि मधल्या टाक्याखाली हळूच नख घातलं. तिला गाठ सापडली.

‘हा दादाचा टाका आहे,’ ताई म्हणाली.

तिनं पानं उलटली, फोटोच्या पानावर आली, आणि तिचा सगळा चेहरा हसला. ‘आणि ही बघा, आमची चौकशी खिडकी! लबाड कुठली.’ तिनं फोटो माझ्यापुढे धरला. ‘तुम्ही ओळखता हिला?’

‘ओळखते,’ मी म्हटलं.

‘येणार आहे ती माझ्याकडे. अजून कशी आली नाही? व्हिसाचे पैसे कशाचे घेता, हे विचारत बसली असेल त्यांना.’ ती खुदकन हसली. मीही हसले, आणि डोळ्यांतून पाणी यायचं थांबेना.

मी दादाला व्हिडिओ फोन लावला. तो कारखान्यातच होता. मी काही बोलायच्या आधी ताईनं पासपोर्ट पडद्यापुढे नाचवला. ‘दादा! टाका मस्त बसलाय रे. पण कोपरा कोणी कापला?’

दादाचं तोंड उघडंच राहिलं. त्यानं चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला. ‘एका बाईंनी कापला,’ तो कसाबसा म्हणाला. ‘तिरका कापलाय ना?’

‘तिरकाच! आणि ही कधी येणार आहे?’ तिनं फोटोवर बोट ठेवलं.

पडद्यावर मी तिच्या शेजारीच दिसत होते. दादानं माझ्याकडे बघितलं. मग म्हणाला, ‘निघालीय गं ताई. पोचेलच आता.’

ताईला ते पटलं. तिनं पासपोर्ट मिटला आणि दोन्ही हातांनी छातीशी धरला. मग तिला माझी आठवण झाली. तिनं शेजारची खुर्ची हातानं थोपटली.

‘तुम्ही उभ्या का? बसा ना,’ ती म्हणाली. ‘ती येईपर्यंत बसाल ना माझ्याजवळ?’

‘बसते की,’ मी म्हटलं, आणि खुर्ची तिच्या अगदी जवळ ओढून बसले.